आपणहून कापलेलं दृश्य

खंडाळ्याला लोकेशन बघायला आलेल्या एका तुर्कमेनी दिग्दर्शकाचा मी दोन दिवस रशियनचा दुभाष्या होतो. तीस वर्षांत आपल्याला एकदाही काम कमी पडलं नाही, हे तो भेटेल त्याला ऐकवायचा. ऐकवताना कोटावरचं सरकारी पदक अंगठ्यानं पुसायचा. मला त्याची शिसारी आली होती.

घाटाच्या कडेला एका मावशींच्या टपरीवर चहा घेताना तो म्हणाला, "पहिल्या सिनेमात मी माझ्याच आईला घेतलं होतं. गावचा कालवा आटला म्हणून ती खरोखर रडली. सरकारातून कुणी सांगायच्या आधीच मी ते दृश्य कापलं. पुढं माझ्या पटकथांत कुणी रडलंच नाही."

मावशींनी विचारलं म्हणून मी ते मराठीत सांगितलं. त्यांनी त्याला नीट न्याहाळलं.

"आईचं रडनं पुसून प्वाट भरलं व्हय यानं? इचारा की, आईला काय सांगितलं मंग?"

"काय म्हणतायत?" त्यानं मला विचारलं.

"आणखी चहा हवा का, विचारतायत," मी म्हणालो.

त्यानं हसून कप पुढे केला. मावशींना ते हसणंच त्याचं उत्तर वाटलं. त्या कप न भरताच किटली घेऊन आत निघून गेल्या, आणि मी दोघांनाही खरं सांगितलं नाही.