टेबलावर मांडलेलं गाव

तुमचं गाव उद्या जमीनदोस्त झालं, तर कुणाचं घर कुणाच्या शेजारी होतं हे सांगायला कोण उरेल?

साउथहॅम्प्टनला आमच्या घरी जेवणाच्या टेबलावर पत्रकांच्या घड्या घातल्या जायच्या. हॉस्पिटलमधून दमून आलेली आईसुद्धा जेवण झालं की एक गठ्ठा पुढे ओढायची. इराकवरच्या युद्धाविरुद्धची अशीच पत्रकं वाटत मी एका कुर्दी न्हाव्याच्या दुकानात शिरले.

"'इराकी जनता'! वा," तो वाचून म्हणाला. "यात आमचं गाव कुठंय, सिस्टर?"

मी तावातावानं भांडले. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि रविवारी चहाला बोलावलं.

रविवारी दुकान बंद असे. मागच्या खोलीत काळा रुमाल बांधलेली एक म्हातारी असिरियन बाई बसली होती. दोघं इराकच्या डोंगरातल्या एकाच गावचे. तो मुसलमान, ती ख्रिस्ती. तो तिला 'खालती' म्हणे, म्हणजे मावशी. बोलणं कुर्दीत चाले आणि तो मला इंग्रजीत सांगे. गावात झरा एकच होता. झऱ्याच्या वर चर्च, खाली मशीद. इराकच्याच सरकारच्या सैन्यानं दोन्ही एकाच बुलडोझरनं पाडली. तेव्हा तो इतका लहान होता, की आपलं घर कुठं होतं हेही त्याला आठवत नव्हतं. आता ती राजवट गेली होती. परत जाऊन त्याला त्याच जागेवर घर बांधायचं होतं, आणि जागा ठाऊक असलेलं माणूस एकच उरलं होतं.

मावशी साखरेचे क्यूब मांडून गाव उभं करायची. सुरुवात नेहमी चर्चपासून. क्यूब ठेवला की आत डोकावल्यासारखी वाकायची, काहीतरी विचारायची आणि थांबायची. मग मान हलवायची. ती थांबली, की आम्हीही नकळत कान द्यायचो. खोलीत फक्त हीटरची घरघर असायची, तरी मला पाठीमागे कुणी उभं असल्यासारखं वाटायचं.

मशिदीकडची गल्ली येईपर्यंत ती दमून जायची. न्हाव्याचं घर त्या गल्लीत होतं. दर रविवारी गाव थोडं लहान होत होतं. गेल्या रविवारी होती ती घरं या रविवारी नसायची. "गेले ते," एवढंच म्हणायची.

शेवटी एका रविवारी त्यानंच मशिदीचा क्यूब ठेवला. "मावशी, आज खालून सुरू कर. माझं घर कुठलं?"

तिनं एक क्यूब उचलला. तो टेबलावर हळूहळू सरकवत नेला, एका जागी थांबली, ऐकत राहिली.

"तू कुणाचा?"

त्यानं वडिलांचं नाव सांगितलं.

"खोटारड्या," ती कुजबुजली. "त्याचं पोर आत झोपलंय. उठवू नकोस."

आणि तिनं क्यूब साखरेच्या वाडग्यात परत टाकला. बोट कुठं थांबलं होतं, ते आम्ही दोघांनीही नीट पाहिलं नव्हतं. आम्ही तिच्या तोंडाकडे बघत होतो.

पुढच्या रविवारी तिनं चर्चही मांडलं नाही.

आमच्या पत्रकांत मेलेल्यांचे आकडे असत, घरं नसत. त्याचा मला अजून संताप येतो. तुमच्या रस्त्यावर अशा पुसलेल्या गावचं कुणी म्हातारं माणूस राहत असेल. या रविवारी त्यांच्याकडे जा. कागद-पेन्सिल घेऊन जा, त्यांचं बोट जिथं थांबेल तिथं लगेच खूण करा. आणि जी गल्ली नेहमी राहून जाते, तिच्यापासून सुरुवात करायला सांगा.