पाठवणीचा धवला

पेणच्या स्टँडवर आईने माझ्या बॅगेत पोह्याचे पापड कोंबले आणि म्हणाली, "जा गो, पन लगीन हितं कर. मांडव घालू, मी धवला म्हनंन." आई आमच्या जित्याकडच्या आगरी गावांमधली धवलारीण. हळदीपासून पाठवणीपर्यंत प्रत्येक विधीला तिचं गाणं लागतं. तिने धवला म्हटल्याशिवाय नवरी उंबरा ओलांडत नाही. मी मात्र त्या दिवशी कॅनडाला जायला बिनगाण्याचीच एसटीत चढले.

टोरांटोत आमचं लग्न सिटी हॉलमध्ये उरकलं. व्हिसाची घाई होती. आदल्या दिवशी व्हिडिओ कॉल करून आईला म्हटलं, दोन ओळी तरी म्हण. "मांडवाबिगर धवला म्हनत नाय," ती म्हणाली, "नवरी म्होरं बसाया लागते." मी रडले, विनवलं, ती ढिम्म हलली नाही. रीत ती रीत, म्हणून मीही गप्प बसले. उलट माझी आई किती पक्की, हे इथल्या मैत्रिणींना कौतुकानं सांगत राहिले.

गावच्या ग्रुपवर धवल्यांच्या क्लिपा फिरतात. गाणारीचं नाव कापलेलं, वर कुठल्यातरी डीजेचा शिक्का. गावात राहिलेल्यांनो, तुम्हाला फॉरवर्ड करायला काय जातं! मला चोरीचं नको होतं. म्हणून शोधत शोधत लोककलांचं एक रीतसर ॲप गाठलं, सबस्क्रिप्शन घेतलं. आगरी लग्नाचा व्हिडिओ लावला, तर समोर माझी आई.

रोह्याच्या कुठल्याशा हॉलमध्ये मांडव सजवलेला. पाटावर एक मॉडेल नवरी होऊन बसलेली, डोळ्यांत ग्लिसरीनचं पाणी. आणि आई तिच्याकडे बघत पाठवणीचा धवला गात होती, अगदी गळा भरून. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. सख्ख्या मुलीला नाही, आणि त्या भाड्याच्या नवरीला?

लगेच फोन लावला. "खोट्या लग्नात कशी गायलीस गं?"

"मांडव खरा व्हता गो."

"आणि नवरी?"

"खोटी का असंना, माज्या म्होरं बसली व्हती. तू तारीख ठरवलीस, मंग आयशीला फोन केलास."

मी फोन ठेवला. आपलेच दात, आपलेच ओठ, सांगणार कुणाला? माझा राग अजून गेलेला नाही. तिचाही नसेल.

इथे आलेल्या बायका विचारतात, घरी कधी जाणार? माझं घर आता त्या ॲपवर दर महिन्याला रिन्यू होतं. तिथे आई दुसऱ्याच कुणाच्या पोरीला सासरी धाडते. ती पोर 'कट' म्हटल्यावर हसत उठून गेली असेल. इथे रडते मात्र मी.