उत्तरेश्वररावांची मांडी

आमच्या कोथरूडच्या सोसायटीत कुणी गेलं की पहिला फोन दिगंबरकाकांना जातो. पोस्टातून निवृत्त झालेला, एकाहत्तर वर्षांचा काटकुळा माणूस. बांबू कुठून आणायचे, मडकं कुठे मिळतं, दाखल्यावर काय लिहून घ्यायचं, सगळं तोंडपाठ. त्यांनी बांधलेल्या तिरडीची गाठ वैकुंठापर्यंत सैल होत नाही अशी त्यांची ख्याती आहे, आणि ती आमच्यापेक्षा त्यांनाच जास्त ठाऊक. घरातलं कुणी मध्ये काही बोलू लागलं की तळहात दाखवून म्हणायचे, "तुम्ही बसा. मी आहे ना." पुण्यात फुकट मदत मिळते, पण मदत करणाऱ्यापुढे बोलायची सोय नसते.

हल्ली ते दारातच चपला काढता काढता विचारतात, "तुमच्यात कसं करतात?" हा प्रश्न त्यांना मागच्या मे महिन्यात शिकावा लागला. तेव्हा मी तिथेच होतो, आणि माझाही हात त्यात होता.

सकाळी सहाला तिसऱ्या मजल्यावरचा तेजस आमच्या दारात आला. त्याचे वडील उत्तरेश्वरराव पहाटे झोपेतच गेले होते. मूळचे निलंग्याकडचे, भोसरीच्या कारखान्यात तीस वर्षं लेथवर काढलेला अबोल माणूस. जिन्यात भेटले तर नुसती मान हलवायचे, आणि तेवढ्यानेही बरं वाटायचं. त्यांची बायको द्वारकाबाई भाचीचं लग्न उरकून गावाहून रात्रीच्या गाडीने निघाल्या होत्या. ती गाडी वाटेत बंद पडली होती, आणि तेवढं कळवून त्यांचा फोनही बंद झाला होता. सून श्रद्धा त्यांना आणायला स्वारगेटला जाऊन थांबली.

डॉक्टर दाखला देऊन गेले आणि दिगंबरकाकांनी ताबा घेतला. पाय सरळ केले, दोन्ही अंगठे एकत्र बांधले, हनुवटीला पट्टी दिली. घड्याळ, अंगठी, चष्मा काढून माझ्या हातात देत गेले. गळ्यात दोऱ्याला अडकवलेली चांदीची छोटी डबी होती. तीही काढली. मी सगळं एका प्लास्टिकच्या पिशवीत घालून फ्रीजवर ठेवलं.

तेव्हा तेजसने तोंड उघडलं. "काका, आमच्यात बहुतेक..."

"तुमच्यात काय नि आमच्यात काय, मरण सगळ्यांना सारखंच. तू बस. मी आहे ना."

आणि तो बसला. खराडीत वीस माणसांची टीम चालवणारा पोरगा, पण त्याचे आजोबा गेले तेव्हा दहावीची परीक्षा होती म्हणून त्याला गावी नेलंच नव्हतं. घरचं मरण त्याने फक्त ऐकलेलं. चारचौघांत खात्रीने काय सांगणार?

दहाला द्वारकाबाई आल्या. खाली पार्किंगमध्ये तिरडी तयार होती. ती बघूनच त्या जिना चढल्या असणार. दारात उभ्या राहिल्या, रडल्या नाहीत. आधी बांधलेल्या अंगठ्यांकडे पाहिलं, मग गळ्याकडे.

"ह्यांना निजवलं कुनी? आन गळ्यातलं लिंग कुठंय?"

मी फ्रीजवरची पिशवी खाली काढली. घड्याळाच्या पट्ट्यात त्या डबीचा दोरा गुंतला होता. द्वारकाबाईंनी माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं, ती नजर माझ्या लायकीचीच होती.

"आम्ही लिंगायत," त्या म्हणाल्या. "जन्मल्यापास्नं मातीत जाईस्तोवर हे अंगावरनं उतरत नाही. आन आमचा मानूस जळत नाही, आडवा बी जात नाही. मांडी घालून बसतो, तसाच मातीत बसवायचा. चार तास झाले. अंग ताठलं म्हंजे कसा बसवू मी?"

उन्हाळ्यात अंग लवकर ताठतं, हे मला दिगंबरकाकांनीच कधीतरी ऐटीत सांगितलं होतं. आता तेच घाईघाईने उत्तरेश्वररावांच्या गुडघ्यापाशी वाकले.

"हात लावू नका त्यांना!" द्वारकाबाई ओरडल्या.

काका तसेच थांबले. द्वारकाबाईंनी तेजसच्या फोनवरून जंगमांना, म्हणजे त्यांच्या पुजाऱ्यांना, बोलावलं; ते दोनला येणार होते. गावचे भाऊबंद तीनला. तोवर अंग पुरतं ताठलं असतं. तेजस भिंतीकडे बघत होता.

"वहिनी, चूक माझी आहे," काका म्हणाले. "पोरगा सांगत होता, मी ऐकलं नाही. पण अजून अर्धा तास गेला तर मलाही जमणार नाही. आत्ता लावू द्या, मग हवं ते बोला."

बारा वर्षांच्या ओळखीत त्यांच्या तोंडून 'चूक' हा शब्द मी फक्त दुसऱ्यांबद्दलच ऐकला होता.

द्वारकाबाई आत गेल्या, गरम पाण्याची बादली घेऊन आल्या आणि त्यांच्यापुढे ठेवली.

अंगठ्यांची गाठ सुटेना. शेवटी कात्रीने कापली. गरम पाण्यात पिळलेले टॉवेल गुडघ्यांवर, मांड्यांच्या सांध्यांवर ठेवायचे, चोळायचं, बोटभर वाकवायचं, थांबायचं. मी टॉवेल पिळत होतो, माझे हात भाजत होते आणि ते बरंच वाटत होतं. उजवा गुडघा हळूहळू आला. डावा अडला. काकांनी जोर लावला.

"हाड वाजलं तर बघा," द्वारकाबाई म्हणाल्या.

काकांनी जोर काढून घेतला. कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरत होता, पण ते पुसायला हात उचलत नव्हते. मग तेजस उठला, वडिलांच्या पायाशी बसला आणि तळवा दोन्ही हातांत धरून चोळू लागला. पाऊण तासाने डावा पाय आत आला. मांडी बसली.

पण पाठ मागे रेलत होती. गावाकडे भिंतीतल्या खुंटीला कापडाने बांधून बसवतात. इथल्या गुळगुळीत भिंतीला खुंटी कुठली? मी म्हटलं, तिरडीची दोरी वर आणतो.

"नको," काका म्हणाले. "आज माझी गाठ नको."

ते भिंतीला पाठ लावून बसले, उत्तरेश्वररावांना मागून छातीशी घेतलं आणि दोन्ही हातांनी धरून ठेवलं. द्वारकाबाईंनी नवऱ्याच्या गळ्यात लिंग घातलं, कपाळाला, छातीला विभूती लावली. ती लावताना बोटं काकांच्या मनगटांवरून गेली. तरी त्या त्यांच्याशी बोलल्या नाहीत. जंगम आले, पूजा झाली, भाऊबंद आले. काकांनी पाण्याचा घोट घेतला नाही. टेम्पोत खुर्चीवर बसवून नेलं तेव्हाही खुर्चीमागे तेच उभे होते.

दफनभूमीत खड्डा तयार होता. उत्तरेश्वररावांना उतरवताना त्यांचे खांदे धरून काकाही आत उतरले. जंगमांचे मंत्र संपले, लोक मुठीत माती घेऊन उभे राहिले, तरी काकांचे हात काही सुटेनात. हात सोडले की माणूस कलंडेल, या भीतीने त्यांची बोटं पांढरी पडली होती. कुणी तरी खाकरलं. मला पुढे व्हायचा धीर झाला नाही.

द्वारकाबाई कडेला येऊन वाकल्या.

"सोडा आता, भाऊ," त्या म्हणाल्या. "बसलेत ते."

काकांनी आधी एक हात सोडला, मग दुसरा. उत्तरेश्वरराव मांडी घालून ताठ बसून राहिले.