वरच्या बाईंची साक्ष

पोस्टमन येऊन गेला का, एवढं विचारलं तरी वरच्या बाई धड उत्तर देत नसत. "मी जिना उतरताना मला कोणी दिसला नाही. आला नाही, असं मी म्हणणार नाही." सकाळी सकाळी हे ऐकलं की माझं डोकं फिरायचं.

मेडनहेडमधल्या माझ्या जुन्या फर्निचरच्या दुकानावर त्यांचा फ्लॅट होता, म्हणून आमच्या घरात त्या 'वरच्या बाई'. लिथुआनियातल्या ज्यू. दुसरं महायुद्ध संपल्यावर एकट्याच इंग्लंडला आल्या. घरातलं दुसरं कोणी उरलं नव्हतं.

एकदा एक गिऱ्हाईक कपाटाच्या दारावरून हात फिरवत होतं आणि मी सांगत होतो, "अस्सल ओकचं लाकूड!" बाई तेवढ्यात पिशव्या घेऊन आल्या. "तुम्ही तर आणलंत तेव्हा स्वस्तातलं पाइन म्हणाला होतात." गिऱ्हाईक गेलं. मी भडकलो. "बाई, धंद्यात वाढवूनच सांगावं लागतं. समोरचा कमी करतोच!"

"मग आधीच खरं सांगा. दोघांचाही वेळ वाचेल."

घ्या! कार बूट सेल, म्हणजे गाडीच्या डिकीतून जुनं सामान विकतात त्या बाजारातल्या एका टेबलापासून मी हे दुकान उभं केलं, आणि ह्या मला धंदा शिकवणार.

पण त्यांच्या ह्या हट्टानं खरं नुकसान केलं ते त्यांचंच. लिथुआनियात त्यांच्या गल्लीतल्या बेकरीवाल्याच्या मुलानं, जर्मन आल्यावर, त्यांच्या मदतनिसांची पट्टी दंडाला बांधून रायफल हातात घेतली होती. बाईंचे वडील आणि धाकटा भाऊ यांना इतरांबरोबर त्यानंच जंगलाकडे हाकत नेलं. बाई शेजाऱ्यांच्या माळ्यावर लपून बघत होत्या. थोड्या वेळानं गोळ्यांचे आवाज आले. तोच माणूस आता इथेच इंग्लंडमध्ये, मिल्टन कीन्स गावात निवृत्त होऊन गुलाब लावत बसला होता. कोणीतरी त्याचा माग काढला आणि लंडनहून एक पोलीस अधिकारी बाईंकडे आला. फोटोंच्या गठ्ठ्यातून बाईंनी त्याला लगेच ओळखलं.

"त्याला गोळी झाडताना पाहिलंत?"

"नाही. माळ्यावरून जंगल दिसत नव्हतं."

नुसतं नेताना पाहिलं, एवढ्यावर खुनाचा खटला उभा राहणं कठीण, असं तो सांगून गेला. मी तसाच वर गेलो. "अहो, नेलं त्यानंच ना? मग झाडलीही त्यानंच! पाहिलं म्हणा की सरळ. तुम्ही जास्त सांगाल तेव्हा कुठे ते थोडं देतील."

त्या शांतपणे चहा ओतत राहिल्या. "त्याचा वकील विचारेल, बाई, तुम्ही कुठे होतात? माझं एक खोटं पकडलं गेलं, की माझा भाऊसुद्धा खोटा ठरेल."

दार आपटून खाली आलो.

जानेवारीत कौन्सिलचे लोक त्यांना ज्यू हत्याकांडाच्या स्मृतिदिनाला बोलवायचे. बाई जायच्या, पण परत आल्यावर कोट काढता काढता म्हणायच्या, "मेणबत्ती लावायला सगळे बोलावतात. कोर्टात कोणी बोलवत नाही." त्यांना चिडलेलं मी एवढंच पाहिलं.

प्रकरणाचा निर्णय लागायच्या आधीच बाई गेल्या. पुढे तो अधिकारी माझ्या दुकानात आला. बाई शेजाऱ्यांपाशी आणखी काही बोलल्या होत्या का, ते त्याला हवं होतं. "गोळी झाडताना पाहिलं, असं त्या तुम्हाला कधी म्हणाल्या?"

त्याच्या पेनाकडे बघत मी उभा राहिलो. 'हो' म्हणायला काय लागतं? आता बाईही नव्हत्या अडवायला.

"नाही," मी म्हणालो. "जंगलाकडे नेताना पाहिलं. तेवढंच म्हणाल्या."

प्रकरण कोर्टापर्यंत गेलंच नाही. पुरावा अपुरा. तो गुलाबवाला म्हातारा पुढे घरच्या बिछान्यात, मुलानातवंडांत मेला.

बायको म्हणते, बरं केलंत. कसलं बरं? उभ्या आयुष्यात एकदाच मी पदरचं काही घातलं नाही, आणि तेही नेमकं त्या माणसाच्या पथ्यावर पडलं.