घरच्या वळूची लेक

पुण्याची दोन कुटुंबं गोठ्याच्या कठड्याला टेकून उभी होती आणि माझा हात खांद्यापर्यंत गाईच्या पोटात होता. मुरगूडच्या पुढचं हे कृषी पर्यटन केंद्र. दोन हजार सालानंतरचे दिवस. मालक आप्पांनी पाहुण्यांना मुद्दाम फोन करून बोलावलं होतं, गाय विताना बघायला! माझं डोकं आधीच तापलं होतं.

"अजून लागंल का टायम?" आप्पांनी विचारलं.

"आप्पा, पाय वाकत नाहीत. सांधे आखडलेत. वासरू मेलंय आत."

मला हे नवीन नव्हतं. मागच्या वर्षी याच गोठ्यात एक वासरू असंच आलं होतं. वळू घरचा, गाई त्याच्याच लेकी. असले दोष जनुकात दडून राहतात. बापाकडून एक आणि आईकडून एक, अशा दोन सदोष प्रती जुळल्या की असं वासरू निपजतं. लेक बापाकडूनच गाभण राहिली तर त्या जुळायला कितीसा वेळ! मी तेव्हाच म्हटलं होतं, तुमच्या गाईंच्याच खिलार जातीच्या, पण बाहेरच्या वळूची कांडी आणतो. कांडी म्हणजे गोठवलेल्या वीर्याची नळी. खिलार ते खिलारच राहिलं असतं.

"भाईरचं थेंबभर रगात न्हाय चालायचं," आप्पा म्हणाले होते. "पावणं आमच्या घरचं शुद्ध रगात बघाय येत्यात." शुद्ध म्हणजे एकाच घरचं, ही त्यांची ठाम समजूत.

आता गाय वाचवायची तर मेलेलं वासरू आतच कापून तुकड्यांनी काढायला हवं होतं.

"पाहुण्यांना लांब न्या. कापावं लागेल."

"आन् त्यास्नी काय सांगू?" आप्पा माझ्या कानाशी आले. "पावण्यांम्होरं न्हाय, डॉक्टर. ओढा की! चार गडी लावतो."

एका बाईंनी कॅमेरा वर धरला. मी कच खाल्ली. दोरी बांधली.

चौघांनी ओढलं. गाय एकदाच हंबरली. गर्भाशय फाटल्याचं हाताला कळलं. जमेल ते सगळं केलं, पण अर्ध्या तासात ती गेली. पाहुणे कधी निघून गेले, कुणाच्या लक्षात आलं नाही. आप्पा तिच्या तोंडाशी बसून ढसाढसा रडत होते. "माझ्याच हातनं चारा खायाची वो," एवढंच म्हणत होते.

आठवड्याभरात त्यांनी वळूचं खच्चीकरण करून घेतलं. बाकीच्या गाईंना मी कांड्या भरल्या, वासरं धडधाकट आली. तालुक्यात माझं नाव झालं.

आखडलेलं वासरू ओढायचं नसतं, हे कॉलेजात प्रत्येक पशुवैद्याला शिकवतात. आप्पांना ते माहीत नव्हतं. मला माहीत होतं.