कन्सोलला नेट मिळेना
माळा आवरताना निळी लॅन केबल हाती लागली आणि बदलापूरच्या मांजर्लीतल्या घरातले ते तीन दिवस आठवले. अंबरनाथ एमआयडीसीतली माझी नोकरी तेव्हा नुकतीच गेली होती. दिवसभर मी कन्सोलवर ऑनलाइन गेम खेळत बसायचो, कारण हेडफोनवरची अनोळखी माणसं "कुठे जमलं का?" असं विचारत नसत. एके दिवशी कन्सोलला वायफाय मिळेना. मोबाईल, टीव्ही मात्र मस्त चालत होते. मी राउटर बंद-चालू केला, पासवर्ड पुन्हा टाकला, ही केबलही आणून लावली. मोठा भाऊ कामावरून आला की शेजारी फरशीवर बसून वायरी तपासायचा आणि म्हणायचा, "जुना झालाय रे, आतलं कार्ड उडालं असेल." चौथ्या दिवशी मी राउटरचं सेटिंग उघडलं. ब्लॉक केलेल्या यादीत एकच नाव होतं, माझ्या कन्सोलचं. सेटिंगचा पासवर्ड आम्हा दोघा भावांनाच माहीत होता. त्याला विचारलं तर म्हणाला, "तुझ्या भल्यासाठीच केलं." मी म्हटलं, "मग तीन दिवस माझ्यासोबत बिघाड शोधत काय होतास?" त्याने टीव्हीचा आवाज वाढवला. पुढे मला नोकरी लागली, माझं वेगळं घर झालं. पण अजूनही तो आपुलकीने जवळ येऊन बसला, की मी सावध होतो.