मुखवट्याची पाठ

माझ्या नोकरीतला सर्वांत यशस्वी तपास कोणता, असं कुणी विचारलं की मी शिरूर तालुक्यातल्या एका देवाच्या मुखवट्याची हकीकत सांगतो. ऐकणारे खूश होतात. आज ती लिहून काढताना मात्र सुरुवात त्या भागापासून करतो, जो तोंडी सांगताना मी नेहमी गाळत आलो. या तपासात मी सर्वांत आधी एका निरपराध माणसाला पकडलं. तो त्या देवाचा गुरव होता आणि मी त्याला सगळ्या तालुक्यादेखत चोर ठरवलं.

तेव्हा मी शिरूरला निरीक्षक होतो. न्हावऱ्याच्या पुढच्या एका गावातून सकाळीच फोन आला की भैरोबाचा मुखवटा देवळातून गेला. जुना, पंचधातूचा, पिढ्यान्‌पिढ्या जत्रेला पालखीत बसणारा. मी पंचांना घेऊन पंचनामा केला. दाराला कुलूप जसंच्या तसं होतं, कडीकोयंडा शाबूत होता. किल्ली एकच, आणि ती गुरवाच्या कमरेला. गुरव साठी ओलांडलेले. गाव त्यांना आबा म्हणायचं. असा गुन्हा आला की पोलिसाचं डोकं एकाच दिशेनं चालतं, घरभेदी कोण? माझंही तसंच चाललं.

वर्णन लिहून घेताना मी विचारलं, "आबा, मुखवट्याच्या मागच्या बाजूला काही खूण आहे का?"

आबांनी मान खाली घातली. मी पुन्हा विचारलं. ते पायाच्या अंगठ्यानं फरशी उकरत राहिले.

"बोला की."

"मागचं न्हाई सांगता येत, सायेब."

तोवरच्या नोकरीत मी शिकलो होतो की ज्या प्रश्नावर माणसाची मान खाली जाते, तिथेच गुन्हा असतो. बहुतेक वेळा ते खरं ठरतं. त्या दिवशी ठरलं नाही. पण मला ते कळायला फार वर्षं लागली.

आबांना मी रीतसर अटक केली नाही, कारण पुरावा नव्हता. चौकशीसाठी सकाळी बोलवायचं आणि संध्याकाळी सोडायचं, असं तीन दिवस केलं. ठाण्याच्या दारातल्या बाकावर ते बसून असायचे. त्यातला एक दिवस शिरूरच्या बाजाराचा होता. गावाकडची माणसं कांद्याच्या पिशव्या घेऊन फाटकासमोरून जात होती आणि आत वाकून बघत होती. तिसऱ्या दिवशी त्यांचा जबाब घेतला. त्याच्या सुरुवातीला नेहमीप्रमाणे लिहिलं, 'मी स्वखुशीने जबाब देत आहे.' आबांनी सही केली. पुढे काही निष्पन्न झालं नाही, पण केस डायरीत माझं वाक्य राहिलं, 'गुरवावर दाट संशय.' ते गावात पोचायला वेळ लागला नाही. सरपंचानं बैठक घेऊन देवळाची किल्ली काढून घेतली. सहा पिढ्यांची पूजा आबांच्या घरातून गेली. कालांतरानं गुन्ह्याला 'अ' समरी मिळाली, म्हणजे गुन्हा खरा, पण आरोपी सापडत नाही. माझी बदली झाली, फिरत फिरत मी शेवटच्या दोन वर्षांसाठी दौंडला आलो.

तिथे एक दिवस फाईल पुन्हा माझ्या टेबलावर आली. त्या गावातली एक मुलगी परदेशात शिकायला होती. तिथल्या एका मोठ्या संग्रहालयात काचेच्या कपाटात तिला ओळखीचा चेहरा दिसला. तिनं फोटो वडिलांना पाठवला, वडिलांनी तो गावात सगळ्यांना दाखवून ओळख पटवली आणि शिरूर ठाण्याला दिला. वरिष्ठांमार्फत पत्रव्यवहार झाला आणि मूळ तपासी अधिकारी म्हणून उत्तर माझ्याकडे आलं.

संग्रहालयाचं म्हणणं सभ्य भाषेत, पण ठाम होतं. मुखवटा इंग्रजांच्या काळातच भारताबाहेर गेला आहे. घोडनदीच्या, म्हणजे शिरूरच्याच, छावणीतल्या एका घोडदळ अधिकाऱ्यानं तो नेला, त्याच्या घराण्यात राहिला आणि अलीकडे विकला गेला. सोबत त्या अधिकाऱ्याच्या पत्राची प्रत होती. वळणदार इंग्रजी अक्षर, पिवळा पडलेला कागद, कोपऱ्यात शिक्का. एक ओळ अशी होती की गावकऱ्यांनी मुखवटा स्वखुशीने भेट दिला.

मी ते पत्र वाचलं आणि लगेच विश्वास ठेवला. हे कबूल करताना लाज वाटते. शिरूरला इंग्रजांची छावणी होती हे खरंच आहे, साहेबानं नेलं असेल, मुखवटे काय एकासारखे एक असतात, असा विचार करून मी उत्तराचा मसुदा केला, 'सदर वस्तू गुन्ह्यातील दिसून येत नाही.' एका गावातल्या शंभर माणसांनी देव ओळखला होता, आणि मी मात्र एका मेलेल्या गोऱ्याच्या कागदावर सही करायला निघालो होतो.

माझ्यासोबत शिरूरपासून असलेला हवालदार टायपिंगसाठी मसुदा घेऊन गेला आणि तसाच परत आला.

"साहेब, लोकांनी स्वखुशीनं दिला म्हणे."

"मग?"

"काही नाही. आपणपण आबांच्या जबाबात तेच लिहिलं होतं."

एवढं बोलून तो चहा सांगायला गेला. मी मसुदा हातात धरून बसलो. 'स्वखुशीने' हा शब्द मी हजारदा लिहिला होता. तो नेहमी ज्याच्या हातात दांडका असतो तो लिहितो. समोरचा फक्त सही करतो, आणि त्या इंग्रजाच्या पत्रावर तर गावातल्या कुणाची सहीही नव्हती.

मसुदा फाडला. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं आबांच्या घरी गेलो. ते अंगणात लसूण निवडत होते. मी खुर्ची नाकारून ओट्यावर बसलो आणि म्हणालो, "आबा, मी तुमच्यावर अन्याय केला. माफी मागायला आलोय."

आबांनी वर न बघता विचारलं, "ठाण्यात बसवलं तवा सगळं गाव बघत व्हतं ना?"

"होय."

"मग ही माफी घरात कशापायी?"

मी फोटो पुढे केला. आबांनी हात पुसले, फोटो दोन्ही हातांत घेतला आणि बराच वेळ बघत राहिले.

"देव वाळलाय," ते म्हणाले. "तेल न्हाई लागलं."

मी अडचण सांगितली. इंग्रज गेल्यानंतरही देव गावात होता असा पुरावा हवा. जत्रेतले फोटो होते, पण त्यात पागोटं आणि हारांखाली नाकाच्या शेंड्यापलीकडे काही दिसत नव्हतं. "मागच्या बाजूचं मी तेव्हाही विचारलं होतं," मी म्हणालो.

मग आबांनी रीत सांगितली. देवाची पाठ फक्त गुरवानं बघायची आणि बाहेर बोलायची नाही. शेंदूर-मेणही त्यानंच चढवायचा. पालखीत बसवतानासुद्धा मागे कापड धरतात. माझ्या प्रश्नावर ते गप्प बसले ते एवढ्यासाठी. चोरीचा आळ घेतला, पण रीत मोडली नाही.

"आता देवाला इचारतो," म्हणून ते उठले आणि आम्ही त्यांच्यामागे देवळाशी गेलो. किल्ली नव्हती, म्हणून देवळाच्या बंद दारासमोरच हात जोडून उभे राहिले. त्याच वेळी हवालदार दाराशी वाकून बघत होता. दार बिजागरीचं नव्हतं, खालीवर लाकडी खुंट्यांवर फिरणारं जुनं दार. त्यानं फटीत काठी घालून जोर लावला, तसं कुलपासकट एका अंगानं दार उचललं गेलं.

"साहेब, कुलूप कशाला तोडेल कुणी?"

पंचनाम्यात मी कुलूप बघितलं होतं. दार बघितलं नव्हतं.

आबा आमच्याकडे वळले आणि म्हणाले, "देव म्हंतोय, सांग." ते तरुण असताना मुखवट्याच्या पाठीची कडी तुटली होती. इंग्रज जाऊन तेव्हा वीस-पंचवीस वर्षं झाली होती. आबांचे वडील मुखवटा कापडात गुंडाळून, आबांना सोबत घेऊन एस्टीनं दौंडला गेले. रेल्वेच्या शेडमधल्या एका फिटरनं घरी धातूची झाळ मारून कडी जोडून दिली.

तो फिटर सापडायला आम्हाला दोन दिवस लागले. दौंडच्या जुन्या रेल्वे वसाहतीमागे राहणारे, ऐंशी पार केलेले, कानानं थोडे कमी. विषय काढताच हसायला लागले.

"अहो, तो म्हातारा मला म्हणे देवाच्या पाठीकडं बघायचं न्हाई. मी म्हटलं, बाबा, डोळे मिटून झाळ मारू का? हात भाजला तर देव मलम लावंल का?"

"मग?"

"मग देवाला साकडं घातलं त्यानं आन् मला बघायची परवानगी काढली. झक्कास काम झालं. कडीच्या खाली माझा टोकन नंबर ठोकलाय. चारशे सतरा."

मी हातातला कप खाली ठेवला. "नंबर कशाला ठोकला, मामा?"

"सवय. शेडमधी ज्यानं काम केलं त्याचा नंबर पडायचाच. काम बिघडलं तर कुणाला शिव्या द्यायच्या ते कळाया नको?"

त्यांच्या पेटीत रेल्वेचं पितळी टोकन अजून होतं. नोकरीच्या कागदांवर तोच नंबर, आणि रुजू झाल्याची तारीख स्वातंत्र्यानंतरची. जबाब नोंदवले, टोकनचा फोटो काढला आणि वरिष्ठांमार्फत संग्रहालयाला एकच विनंती कळवली, मुखवट्याच्या पाठीवरचा शेंदूर-मेणाचा थर कडीखाली साफ करून बघावा.

उत्तराला महिना लागला. फोटोत कडी होती, झाळेचा पिवळा डाग होता आणि त्याखाली ठसठशीत चार, एक, सात. शंभर वर्षांपूर्वी इंग्लंडला गेलेल्या देवाच्या पाठीवर दौंडच्या फिटरचा नंबर. हवालदारानं ठाण्यात सगळ्यांना पेढे वाटले, कोठडीतल्या दोघांनाही दिले.

मग गुन्हा पुन्हा उघडला. तळेगाव ढमढेऱ्याच्या बाजारात बसणाऱ्या एका रद्दीवाल्यानं माहिती दिली की पुण्याचा एक जुन्या वस्तूंचा व्यापारी त्याच्याकडून जुन्या दप्तरांतले फक्त कोरे कागद विकत न्यायचा. तोच माणूस चोरीआधीच्या जत्रेत कॅमेरा घेऊन फिरला होता. घरझडतीत तसे कागद, शाई आणि बनावट शिक्के मिळाले. चौकशीत त्यानं फारसे आढेवेढे घेतले नाहीत.

"मुखवटा उचलणं सोपं होतं, साहेब," तो म्हणाला. "त्याला इंग्रज मालक लावणं, हे खरं काम. चोरानं नेला म्हटलं की पोलीस येतात. गोऱ्या साहेबानं नेला म्हटलं की लोक काचेचं कपाट करतात."

हे वाक्य मी विसरू शकत नाही. त्याचा कागद खोटा होता, पण तो खपला, कारण तसे खरे कागद ढिगानं आहेत. छावण्यांतून, देवळांतून, दरबारांतून काय काय गेलं, आणि प्रत्येकासोबत नेणाऱ्यानंच लिहिलेली चिठ्ठी गेली. राज्य गेलं, चिठ्ठ्यांचा मान राहिला. एकट्या तिकडच्या लोकांनाच मी दोष देत नाही. इकडे खाकीतला मीसुद्धा त्या चिठ्ठीपुढे ताठ उभा राहिलो आणि माझ्या मातीतल्या माणसाचं गप्प राहणं मला गुन्हा वाटलं. त्या संग्रहालयानं मात्र चूक मान्य केली. तशाच पत्रांसोबत आलेल्या बाकीच्या वस्तूही ते आता तपासत आहेत.

मुखवटा गावात आला तेव्हा मला निवृत्त होऊन दोन महिने झाले होते. शिरूरपासून पोलीस गाडी, मागे दीडशे मोटारसायकली, न्हावऱ्याला ढोलताशा. फिटरमामांना नातवानं दौंडहून गाडीत आणलं होतं. ते सगळ्यांना टोकन दाखवत होते. सरपंचांनी किल्ली आबांच्या हातात दिली. मागे कापड धरलं गेलं, आबा आत गेले आणि बऱ्याच वेळानं देव तेल लावून बाहेर आला. तो चेहरा चमकताना बघून गावानं जो आवाज केला, तसा मी नोकरीत कुठे ऐकला नाही.

सत्कारासाठी माझं नाव पुकारलं. नारळ आणि शाल पुढे आली. मी ती टेबलावर ठेवली, माईक घेतला आणि आबांना समोर यायला सांगितलं. बाजाराच्या दिवशी वाकून बघणारी माणसं गर्दीत होती. मला हवी होती तीच.

"आबा," मी म्हणालो, "मी तुम्हाला तीन दिवस ठाण्याच्या बाकावर बसवलं. चोरी तुम्ही केली नव्हती. दार मी नीट बघितलं नाही, तुमचं बोलणं मी समजून घेतलं नाही आणि कागदावर तुमचं नाव मी खराब केलं. तुमची किल्ली माझ्यामुळं गेली. हे मी आज सगळ्या गावादेखत सांगतो. मला माफ करा."